रुलेटच्या टेबलामागचा मार्क्विस

'कासाब्लांका' बघितलाय त्यांना तो सीन आठवत असेलच. कॅप्टन रेनो रिकचा कॅफे बंद करायला आलाय, कारण काय तर इथे जुगार चालतो हे कळून साहेबांना म्हणे भयंकर धक्का बसलाय, आणि तेवढ्यात मागून एक बुटकासा, टापटीप सूटमधला माणूस येतो आणि त्यांच्या हातात नोटा ठेवतो, "युअर विनिंग्ज, सर." कॅप्टन न ओशाळता थँक यू म्हणतो आणि नोटा खिशात घालतो. आपण हसतो, आणि ते सगळं हसू कॅप्टन झालेल्या क्लॉड रेन्सच्या खात्यात जमा होतं, ते बरोबरच आहे म्हणा, पण नोटा देणाऱ्या माणसाच्या चेहऱ्याकडे एकदा बघा. तो अजिबात गंमत करत नाहीये. रोजचं काम करतोय. टायमिंग त्याचं आहे, अर्धा सेकंद उशीर झाला असता तर जोक गेला होता.

त्या माणसाचं नाव मार्सेल दालिओ. टायटल्समध्ये त्याचं नावसुद्धा नाही. आणि तीन वर्षांपूर्वी, म्हणजे १९३९ मध्ये, हाच माणूस पॅरिसमध्ये 'रूल्स ऑफ द गेम'चा हिरो होता (हिरो म्हणायचं का हा वाद आहे, त्या सिनेमात हिरो असा कुणीच नाही, पण शातो (म्हणजे गावाकडचा राजवाडाच) त्याचा, पार्टी त्याची, बायको त्याची आणि सगळा गोंधळही त्याच्याच घरात). जगातले सर्वोत्तम सिनेमे वगैरे याद्या निघतात त्यात हा सिनेमा पन्नासेक वर्षं ठाण मांडून बसलेला असायचा. तर एवढ्या मोठ्या सिनेमातला मार्क्विस, म्हणजे फ्रेंच उमराव, हॉलिवूडमध्ये येऊन रुलेटचं चाक फिरवत कसा काय उभा राहिला, हे वाचायला लागले आणि मग त्याचे मिळतील तेवढे सिनेमे बघायचा नादच लागला.

दालिओ हे खरं नाव नव्हे. इस्रायल मोशे ब्लाउशिल्ड, जन्म पॅरिसचा, १८९९ चा, आईवडील रोमानियातून आलेले ज्यू. 'द मेरी विडो' या ऑपेरेटात काउंट दानिलो म्हणून नायक आहे, त्याच्यावरून दालिओ. म्हणजे बघा, पोराने स्टेजसाठी नाव निवडलं तेच मुळी एका उमरावाचं. (१९५२ मध्ये हॉलिवूडने 'मेरी विडो' पुन्हा काढला तेव्हा हा त्यात होता. काउंट म्हणून नाही हो. पोलीस सार्जंट म्हणून.) पॅरिसच्या कॉन्झर्व्हातोआरमध्ये शिकला, मग नाटकं, रेव्ह्यू, कॅबरे. तीसच्या दशकात बोलपटात आला तेव्हा रोल मिळाले ते बहुतेक खबऱ्यांचे, दगाबाजांचे, लबाड माणसांचे. 'पेपे ल मोको'मध्ये (१९३७) अल्जिअर्सच्या कसबात ज्याँ गाबँ लपून बसलाय आणि हा लार्बी नावाचा खबऱ्या. घाबरट, घामेजलेला, डोळे सतत दाराकडे. काम झकास केलंय, पण एकदा चेहरा असा बसला की बसला. आपल्याकडे निळू फुल्यांचं झालं तेच, माणूस सेवादलातला आणि गावोगावच्या बाया त्यांना खराखुरा दुष्ट समजायच्या. दालिओच्या बाबतीत फरक एवढाच की त्याच्या चेहऱ्याला नुसता 'व्हिलन' शिक्का नव्हता, त्यामागे अजून एक शिक्का होता आणि तो त्या काळच्या युरोपात फार महागात पडणार होता.

दिग्दर्शक ज्याँ रेन्वाने त्याला १९३७ मध्येच 'ग्रँड इल्यूजन'मध्ये घेतला. पहिलं महायुद्ध, जर्मन कैदेतले फ्रेंच अधिकारी, आणि त्यात हा लेफ्टनंट रोझेनथाल, श्रीमंत ज्यू घरातला. घरून खाण्याची मोठमोठी पार्सलं येतात आणि हा ती सगळ्या खोलीला वाटतो. त्याची ओळख तो स्वतःच करून देतो, जन्म व्हिएन्नाचा, आई डॅनिश, वडील पोलिश, आणि आता फ्रेंच नागरिक, वर जरा मिश्किलपणे हेही सांगतो की तुमच्यासारख्या अस्सल फ्रेंचांकडे जमिनीचा तुकडा नसेल, पण आम्ही पस्तीस वर्षांत तीन ऐतिहासिक शातो घेतले, शिकारीची रानं घेतली, आणि भिंतीवर लावायला पूर्वजांची चित्रं पण, अगदी अस्सल! हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

या सिनेमाबद्दल सगळे स्ट्रोहाइम आणि फ्रेनेबद्दल बोलतात, ते दोन खानदानी अधिकारी, मोनोकल, पांढरे हातमोजे, खिडकीतलं जिरेनियमचं फूल. मला मात्र शेवटचा अर्धा तास सगळ्यात आवडतो, जेव्हा गाबँ आणि दालिओ दोघंच पळालेले असतात, जर्मनीतल्या थंडीत, पोटात काही नाही, आणि रोझेनथालचा घोटा मुरगळलाय. गाबँ वैतागतो, आणि वैतागात मनातलं सगळं ओकून टाकतो, तू ओझं आहेस, आणि ज्यू मला कधी सहनच झाले नाहीत. आणि चालायला लागतो. दालिओ दगडावर बसतो आणि रागाने, रडकुंडीला येऊन, मोठ्याने 'इल एतें पती नावीर' हे शाळकरी पोरांचं गाणं म्हणायला लागतो. तिकडे जाणारा गाबँ पण तेच गाणं पुटपुटत चाललाय. थोड्या वेळाने गाण्याच्या ओळीत पुढे काय शब्द येतात ते डोक्यात शिरतं (भुकेल्या खलाशांचं गाणं आहे ते, अन्न संपलेलं असतं) आणि तो थांबतो. मग फ्रेममध्ये गाबँचा कोट परत येतो. काही माफी वगैरे नाही, चल, ऊठ, एवढंच. शेवटी स्वित्झर्लंडच्या सीमेवर निरोप घेताना गाबँ तीच ज्यूंना द्यायची शिवी हसत हसत, प्रेमाने देतो आणि दालिओ पण त्याला तसंच काहीतरी म्हणतो. आज हा सीन कुणी लिहिला तर सोशल मीडियावर मारामाऱ्या होतील. पण दालिओचा चेहरा बघा त्या क्षणी. त्याने तो शब्द आयुष्यभर ऐकलाय आणि पहिल्यांदाच तो मित्राकडून ऐकतोय, हे सगळं अर्ध्या हसण्यात आहे.

हा सिनेमा गाजला, अमेरिकेत बेस्ट पिक्चरच्या ऑस्करचं नामांकन मिळालं, इंग्रजीत नसलेल्या सिनेमाला असं नामांकन ही पहिलीच वेळ. गोबेल्सने त्याला सिनेमातला शत्रू नंबर एक ठरवलं, म्हणजे त्याने नीट बघितला असणार.

आणि मग रेन्वाने खरा जुगार खेळला. 'रूल्स ऑफ द गेम'मध्ये मार्क्विस रोबेर द ला शेने, फ्रेंच सरदार घराण्यातला माणूस, त्याचा रोल त्याने दालिओला दिला! तोच दालिओ, खबऱ्या, लबाड, तीन शातोंची फुशारकी मारणारा रोझेनथाल. आणि रेन्वा काही हे लपवून करत नाही. शातोच्या मुदपाकखान्यात नोकरचाकर जेवायला बसलेत, गप्पा चालल्यात, आणि त्यातला एकजण हळूच पुडी सोडतो की मालकांच्या आईच्या वडलांचं नाव रोझेनथाल होतं आणि स्वारी थेट फ्रँकफुर्टहून आलेली. म्हणजे मागच्या सिनेमातलंच आडनाव. टेबलावर शांतता, आता काय बोलणार. आणि मग आचारी बोलतो. तो सांगतो की परवा मालकांनी मला बोलावून झापलं, बटाट्याच्या सॅलडवरून. बटाटे चटका बसेल इतके गरम असताना त्यावर व्हाइट वाइन ओतायची असते, आमच्या माणसाने हात भाजतील म्हणून ते केलं नव्हतं, आणि साहेबांना एका घासात कळलं! आता याला म्हणतात खानदानी माणूस, बाकी काय वाट्टेल ते बोला. माझ्या मते जातपात, घराणं, रक्त या सगळ्यावर सिनेमात याहून चांगलं भाष्य फार कमी ठिकाणी असेल आणि ते बटाट्यांवर आहे.

मार्क्विसला कळसूत्री खेळण्यांचा नाद. म्युझिक बॉक्स, चावीचे पक्षी, हलणाऱ्या बाहुल्या. पार्टीच्या रात्री तो पाहुण्यांसमोर आपली सगळ्यात नवी खरेदी दाखवतो, एक भलामोठा यांत्रिक ऑर्गन, दिवे लागतात, बाहुल्या घंटा वाजवतात, आणि कॅमेरा सरकत सरकत त्या बाहुल्यांवरून दालिओच्या चेहऱ्यावर येऊन थांबतो. तो रुमालाने कपाळ पुसतोय. ओठ हलतायत. अभिमान आहे, लाज आहे, आवडलं का हो तुम्हाला असं विचारणारी एक लहान मुलाची भीती आहे. फक्त या एका शॉटवर रेन्वाने खूप वेळ घालवला, आणि पुढे म्हणाला की आयुष्यात घेतलेला हा माझा बहुधा सगळ्यात चांगला शॉट. मी तो शॉट मागेपुढे करून करून बघितलाय आणि अजूनही मला कळत नाही की एवढं सगळं एका चेहऱ्यावर एकाच वेळी कसं मावतं, आणि त्यात दालिओ 'करत' काहीच नाहीये.

साठच्या दशकात जाक रिवेतने रेन्वावर टीव्हीसाठी एक डॉक्युमेंटरी केली त्यात रेन्वा आणि दालिओ म्हातारे होऊन परत त्याच शातोत जातात, ला फेर्ते-सँ-ओबँला, सोलोन्यमध्ये आहे तो. तिथे दालिओ त्याला विचारतो की मी तर दगाबाजांचे आणि टवाळ रोल करणारा नट, मलाच का घेतलंस मार्क्विससाठी. रेन्वाच्या उत्तराचा मथितार्थ असा की मला तो मनातला असुरक्षितपणा हवा होता आणि तो दाखवू शकेल असा तू एकटाच होतास. मला वाटतं पूर्ण करिअरची किल्ली इथे आहे. दालिओ कुठेही उभा असो, आपण इथे असायला हवं की नको हे तो अजून ठरवतोय असं वाटतं. यजमान असला तरी. विशेषतः यजमान असला तरी.

सिनेमाचं काय झालं ते बऱ्याच जणांना माहीत आहे. ७ जुलै १९३९ ला पॅरिसमध्ये रिलीज, लोकांनी शिट्ट्या मारल्या, आरडाओरडा केला, कुणीतरी तर थिएटरात वर्तमानपत्र पेटवलं. राग बऱ्याच गोष्टींचा होता पण एक मोठा राग हा की फ्रेंच सरदार म्हणून एक ज्यू आणि त्याची बायको म्हणून एक ऑस्ट्रियन बाई, नोरा ग्रेगॉर! इथे मला कायम हसू येतं. कारण 'ग्रँड इल्यूजन'मध्ये जो स्ट्रोहाइम अस्सल प्रशियन उमराव म्हणून सगळ्यांनी डोक्यावर घेतला, तो नावात उमरावांचं 'फॉन' लावणारा एरिक फॉन स्ट्रोहाइम हा व्हिएन्नातल्या एका ज्यू टोप्यावाल्याचा मुलगा होता. ते 'फॉन' त्याने अमेरिकेत गेल्यावर स्वतःच चिकटवलं. त्याचं गुपित लोकांना माहीत नव्हतं म्हणून तो उमराव, आणि दालिओचं माहीत होतं म्हणून तो उमराव दिसत नाही. चेहऱ्यात काय असतं मग?

सिनेमा कापून कापून दीड तासाच्याही खाली आणला, मग सरकारने बंदीच घातली, मग युद्धात बॉम्बहल्ल्यात मूळ निगेटिव्ह गेली. १९५९ मध्ये सापडतील तिथून तुकडे गोळा करून १०६ मिनिटांची प्रत उभी केली, आज आपण बघतो ती ही. मधली वीस वर्षं तुम्ही दालिओला विचारलं असतंत की बाबा तुझं सर्वात मोठं काम दाखव, तर दाखवायला त्याच्याकडे धड प्रिंट नव्हती.

जून १९४०. जर्मन सैन्य पॅरिसच्या दाराशी. दालिओ आणि त्याची बायको मादलेन लबो पळाले. (लग्न आदल्या वर्षीचं, ती सोळाच्या आसपास आणि हा चाळिशीला टेकलेला, हे वाचून मला बरं वाटलं नाही, पण आहे ते आहे.) कसेबसे लिस्बनला पोचले, तिथे दोन महिने खटपट करून चिलीचा व्हिसा विकत घेतला, 'क्वांझा' नावाच्या बोटीत बसले, आणि मेक्सिकोला गेल्यावर कळलं की व्हिसा खोटे आहेत. बोटीवर असे बरेच लोक अडकलेले. शेवटी कॅनडाचे तात्पुरते पासपोर्ट मिळाले आणि त्यावर ही दोघं अमेरिकेत शिरली. गंमत म्हणजे, गंमत कसली, सिनेमातली त्याची बायको नोरा ग्रेगॉर हिला पण ऑस्ट्रियात परत जाता येईना, ती खरोखर चिलीला पोचली आणि १९४९ मध्ये तिथेच वारली. मार्क्विस आणि त्याची बायको, दोघांनाही शेवटी फ्रान्समध्ये जागा राहिली नव्हती.

तिकडे पॅरिसमध्ये जर्मनांनी दालिओचा फोटो पोस्टरवर छापला. ज्यू कसा दिसतो ते लोकांना कळावं म्हणून, नमुना म्हणून! सिनेमामुळे चेहरा घराघरात माहीत होता ना. रेन्वाला ज्या चेहऱ्यात एका मार्क्विसचं अख्खं मन दिसलं त्याच चेहऱ्याखाली यांनी असली ओळ छापली. घरच्यांपैकी जे मागे राहिले त्यातले काहीजण छळछावण्यांतून परत आलेच नाहीत. व्यापलेल्या फ्रान्समध्ये सिनेमांतूनही माणसं पुसून टाकायचं काम चालू होतं, 'माकाओ' नावाच्या सिनेमात स्ट्रोहाइमचे सगळे सीन काढून दुसऱ्या नटाला घेऊन परत शूट केले, आणि तो दुसरा नट कोण, तर पिएर रेन्वा, ज्याँ रेन्वाचा सख्खा भाऊ. काय बोलणार.

हॉलिवूडमध्ये गेल्यावर मात्र एक वेगळीच गोष्ट झाली. तिथे त्याला कुणी ज्यू म्हणून बघितलंच नाही. तिथे तो फ्रेंचमन. नुसता फ्रेंचमन, बरं का, जेनेरिक, अ‍ॅक्सेंट असलेला, मिश्या असल्या तर उत्तम. पॅरिसमध्ये जो पुरेसा फ्रेंच नव्हता तो लॉस एंजेलिसला उतरल्याबरोबर शंभर टक्के फ्रेंच झाला! १९४१ च्या 'शांघाय जेश्चर'मध्ये रुलेटचं चाक फिरवणारा, 'कासाब्लांका'त परत रुलेट, 'साँग ऑफ बर्नाडेट'मध्ये पोलीस, आणि 'विल्सन'मध्ये (१९४४) तर थेट क्लेमांसो, फ्रान्सचा पंतप्रधान. म्हणजे ज्या देशाने हाकललं त्या देशाचा प्रमुख. दोनचार मिनिटांचा का असेना.

'कासाब्लांका'चं शूटिंग १९४२ च्या उन्हाळ्यात झालं. मादलेन लबो पण त्यात आहे, रिकने झिडकारलेली इव्हॉन, आणि 'मार्सेयेज' या फ्रेंच राष्ट्रगीताच्या सीनमध्ये गालावरून पाणी वाहत असताना ओरडून गाणारी ती हीच. त्या गर्दीतले कित्येकजण खरेखुरे निर्वासित होते त्यामुळे ते रडणं खोटं नाही, हे आता सगळीकडे वाचायला मिळतं. जे फारसं वाचायला मिळत नाही ते असं की शूटिंग चालू असतानाच दालिओने घटस्फोटासाठी अर्ज केला होता. एका सेटवर, एका कॅफेत, दोघांना एकत्र सीन नाही. ती पुढे फ्रान्सला परतली, फेलिनीच्या 'एट अँड अ हाफ'मध्ये दिसली, आणि २०१६ मध्ये गेली तेव्हा 'कासाब्लांका'च्या टायटल्समध्ये नाव असलेल्यांपैकी ती शेवटची होती.

या काळातलं त्याचं खरं काम बघायचं तर 'टू हॅव अँड हॅव नॉट' (१९४४). हॉवर्ड हॉक्स, बोगार्ट, आणि पहिल्याच सिनेमात लॉरेन बकॉल, त्यामुळे लोक बाकी कुणाकडे बघत नाहीत, साहजिक आहे. पण मार्टिनिकमधल्या त्या हॉटेलचा मालक, ज्याला बोगार्ट 'फ्रेंची' म्हणतो, तो दालिओ. विशी सरकारच्या, म्हणजे जर्मनांशी हातमिळवणी केलेल्या फ्रेंच सरकारच्या, नाकाखाली लपलेल्या माणसांना आसरा देणारा. यात त्याला बऱ्यापैकी जागा मिळालीये आणि तो ती हळू आवाजात वापरतो, विनंती करतो पण लाचार होत नाही, बोगार्टने नाही म्हटल्यावर चेहरा पडतो आणि लगेच सावरतो कारण खाली गिऱ्हाईकं बसलीयेत. परत यजमानच. शातो नसेल पण हॉटेल आहे, कॅसिनो आहे. एकदा हे लक्षात आलं की मग सगळीकडे दिसायला लागतं, हा माणूस कायम दुसऱ्यांचं स्वागत करतोय, आणि ती जागा दर वेळी कुठल्यातरी परक्या मुलुखात.

रेन्वासुद्धा तेव्हा हॉलिवूडमध्येच होता, आणि त्याच्या अमेरिकन सिनेमांत दालिओ एकदाही नाही. हे मला पटत नाही. कारणं असतील, स्टुडिओचे करार वगैरे, तरी नाही पटत.

युद्ध संपल्यावर दोन्हीकडे जा-ये सुरू झाली आणि ती पुढची जवळजवळ तीस वर्षं चालली. फ्रान्समध्ये 'ले मोदी' (१९४७), 'देदे दाँव्हेर' (१९४८), पुढे क्लोद सोतेचा 'क्लास तू रिस्क' (१९६०) ज्यात तो चोरीचा माल घेणारा, परत लबाड. म्हणजे मायदेशात जुना शिक्का तसाच वाट बघत होता. आणि अमेरिकेत 'जेंटलमेन प्रिफर ब्लाँड्स'मध्ये (१९५३) न्यायाधीश, ज्याच्या कोर्टात जेन रसेल सोनेरी विग घालून नाचते आणि हा बिचारा कोर्टाची अब्रू सांभाळतोय. 'स्नोज ऑफ किलिमांजारो'मध्ये परत एमील नावाचा माणूस, 'कासाब्लांका'तल्याचंही नाव एमीलच होतं, हॉलिवूडला फ्रेंच माणसांची बहुतेक चारच नावं माहीत असावीत. 'पिलो टॉक', 'कॅन-कॅन', जॉन फोर्डच्या 'डोनोव्हन्स रीफ'मध्ये गळक्या छपराच्या चर्चचा पाद्री. ही सगळी यादी पूर्ण करत नाही, दीडशेच्या आसपास सिनेमे जातात आणि त्यातले निम्मे मी बघितलेलेही नाहीत.

त्यातल्या त्यात 'सब्रिना' (१९५४) बघाच. ऑड्री हेपबर्न पॅरिसला स्वयंपाक शिकायला जाते, तिचं सूफ्ले फुगतच नाही, आणि शेजारच्या ओट्यावर एक म्हातारा बॅरन असतो. तो तिच्याकडे बघून निदान करतो, प्रेमात सुखी असलेली बाई सूफ्ले जाळते आणि दुःखी असलेली ओव्हन लावायलाच विसरते. बॅरन म्हणजे दालिओ. पंधरा वर्षांनी त्याला परत एकदा उमराव करायचं बिली वाइल्डरला सुचलं, वाइल्डर स्वतः हिटलरमुळे पळालेला ज्यू, त्यामुळे त्याने मुद्दाम केलं की सहज झालं कोण जाणे, मला मुद्दामच वाटतं. सूफ्ले बघून खंत ओळखणारा बॅरन आणि बटाटे खाऊन चूक ओळखणारा मार्क्विस, एकाच घराण्यातले आहेत की नाही!

आणि १९५५ ची एक भन्नाट गोष्ट. 'कासाब्लांका'वरून टीव्ही सिरीज निघाली. चालली नाही, दहाच एपिसोड झाले. त्यात कॅप्टनचा रोल कुणाला दिला? दालिओला! ज्या साहेबाच्या हातात तेरा वर्षांपूर्वी नोटा ठेवल्या, तोच साहेब. सरकारी नोकरीत इतकं मोठं प्रमोशन मी ऐकलेलं नाही.

म्हाताराबा झाल्यावर त्याला दोन रोल असे मिळाले की बस. एक 'कॅच-२२' (१९७०). रोमच्या कुंटणखान्यात बसलेला म्हातारा, आणि त्याच्यासमोर आर्ट गारफंकल, गोरागोमटा देशभक्त अमेरिकन अधिकारी. म्हातारा त्याला समजावतोय की इटली हरतेय म्हणून टिकेल, तुमची अमेरिका एवढी ताकदवान तरी तीही कधीतरी जाणारच, मुसोलिनी होता तेव्हा मी त्याच्या बाजूने होतो, आता तुम्ही आलात तर तुमच्या बाजूने. पोरगा भडकतो. म्हातारा हसतो. कागदावर हा सीन निव्वळ बेशरमपणाचा आहे. दालिओ म्हणतो तेव्हा मात्र ऐकावंसं वाटतं, कारण खोट्या व्हिसावर समुद्र ओलांडलेला माणूस बोलतोय की जगणं हे महत्त्वाचं, झेंडा कुणाचा ते नंतर बघू. मला त्याचं म्हणणं पटत नाही आणि तरी त्या सीनमध्ये मी कायम म्हाताऱ्याच्या बाजूने असते.

दुसरा 'रॅबाय जेकब', १९७३. फ्रान्समधला तुफान हिट, सत्तर लाखांहून जास्त तिकिटं, लुई द फ्युनेस त्यात एक ज्यूद्वेष्टा, वर्णद्वेष्टा, सगळाच-द्वेष्टा कारखानदार, जो जीव वाचवायला रॅबायचा, म्हणजे ज्यू धर्मगुरूचा, वेष घेतो आणि सगळे त्यालाच रॅबाय जेकब समजतात. खरा रॅबाय जेकब म्हणजे दालिओ. सिनेमा सुरूच होतो न्यूयॉर्कमध्ये, सगळा मोहल्ला रस्त्यावर येऊन त्याला निरोप देतोय, कारण तो तीसेक वर्षांनी आपल्या जन्मभूमीला, फ्रान्सला चाललाय. आता हे लिहिताना कुणाच्या डोक्यात दालिओचं आयुष्य होतं का मला माहीत नाही, पण बघताना दुसरं काही सुचत नाही. त्र्याहत्तर वर्षांचा माणूस, पांढरी दाढी, मोठी टोपी, आणि गर्दी त्याला प्रेमाने ढकलत टॅक्सीत बसवतेय. ज्या चेहऱ्याचं पोस्टर झालं होतं तोच चेहरा परत 'ज्यू' म्हणून मोठ्या पडद्यावर, आणि ह्या वेळी अख्खा फ्रान्स त्याच्यावर खूश. रोल छोटा आहे, विमानतळावर पोचल्यावर त्याची नुसती फरफट होते, धमाल सगळी फ्युनेसची. चालायचंच. रिलीजच्या दिवशी मात्र भयानक प्रकार झाला. तिकडे इस्रायल आणि अरब देशांचं योम किप्पुर युद्ध चालू, आणि सिनेमाच्या प्रसिद्धीचं काम बघणाऱ्याच्या बायकोने, दानिएल क्राव्हेनने, हा सिनेमा थांबवा म्हणून पॅरिस-नीस विमान हायजॅक केलं. पोलिसांच्या गोळीने ती मेली. विनोदी सिनेमाच्या नशिबात काय काय असतं.

१९७६ मध्ये दालिओने आठवणींचं पुस्तक काढलं, 'मे झाने फोल', आणि नोव्हेंबर १९८३ मध्ये पॅरिसमध्ये गेला.

हां, एक राहिलंच. १९७५ मध्ये वालेरियान बोरोव्चिकचा 'ला बेत' आला. कौटुंबिक सिनेमा समजून लावू नका, खरंच नका, सुरुवातीचे घोडे बघूनच टीव्ही बंद कराल. बऱ्याच ठिकाणी कापला गेला, इंग्लंडात वगैरे प्रचंड बोंबाबोंब झाली. गोष्ट एका पडक्या फ्रेंच शातोतली, आणि त्यात व्हीलचेअरवर बसलेला एक म्हातारा ड्यूक आहे. ड्यूक! मार्क्विसच्या वरची पायरी. दालिओच. छत्तीस वर्षांनी परत शातो, परत फ्रेंच सरदार, आणि ह्या खेपेला लोकांनी सिनेमातल्या एकूण एक गोष्टीवर आक्षेप घेतला, फक्त ड्यूक कुणी केलाय यावर कुणीही चकार शब्द काढला नाही.